खरेदीच्या अटींत एक ओळ वाढवा

नाशिक रोड, जानेवारी 2026

प्रति,
नाशिक जिल्ह्यातील सरकारी व निमसरकारी कार्यालयं, ग्रामपंचायती, पतसंस्था आणि रुग्णालयं यांच्या खरेदी समित्यांचे सर्व सदस्य

स. न. वि. वि.

गेली अठरा वर्षं मी नाशिकमध्ये कार्यालयांचे संगणक सांभाळते. वार्षिक देखभालीचे करार घेते. सकाळी नाशिक रोडहून निघून शहरातली कामं उरकायची आणि आठवड्यातून एखादी फेरी दिंडोरी किंवा पेठकडे मारायची, असा माझा दिनक्रम. तुमच्यापैकी पुष्कळांना मी बिलावर सही घेण्यापुरतीच भेटते. आज मात्र जरा सविस्तर बोलायचं आहे, कारण जे सांगायचं आहे ते बिल मंजूर करण्याच्या नव्हे, खरेदी ठरवण्याच्या वेळचं आहे, आणि त्या खोलीत मला कुणी बोलावत नाही.

विषय आहे यूएसबी स्मार्ट कार्ड रीडर, म्हणजे चिपचं कार्ड वाचणारी छोटी डबी, आणि त्याचा ड्रायव्हर, म्हणजे ती डबी संगणकाकडून चालवून घेणारा प्रोग्राम. खरेदीच्या यादीत तो अगदी तळाशी असतो. संगणक, प्रिंटर, यूपीएस यांच्या अटींवर दोन दोन पानं लिहिली जातात आणि रीडरपुढे लिहिलेलं असतं, ‘कार्ड रीडर, यूएसबी, नग 6’. एवढंच. मग ज्याचा दर सर्वात कमी, तो एल-वन, आणि त्याचा माल टेबलावर. पुढे त्या वस्तूचं काय होतं ते तुम्हाला दिसत नाही. मला दिसतं.

डिसेंबरातली गोष्ट सांगते. शहरातल्या एका खासगी रुग्णालयातली आहे. नाव लिहीत नाही, कारण चूक त्यांची एकट्यांची नाही, अशी ठिकाणं मला डझनभर माहीत आहेत. तिथे माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेतले, म्हणजे ईसीएचएसचे, रुग्ण येतात. देवळालीच्या लष्करी छावणीमुळे आपल्याकडे ही मंडळी पुष्कळ. विंडोज 10 ला मिळणारा आधार 14 ऑक्टोबर 2025 ला संपला, म्हणून व्यवस्थापनाने काउंटरवरचे चार संगणक बदलून विंडोज 11 चे घेतले. निर्णय योग्यच होता. रीडर मात्र जुनेच ठेवले, ‘चालू तर आहेत’ म्हणून.

सकाळी नऊला फोन आला, ‘मॅडम, कार्ड लागत नाहीये.’ मी पोचले तेव्हा काउंटरसमोरच्या बाकावर एक आजोबा बसलेले. सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, सिन्नरहून पहिल्या एसटीने आलेले. मांडीवर तपासण्यांची फाइल, कार्डासाठी प्लास्टिकचं वेगळं पाकीट. रिसेप्शनवरची मुलगी त्यांचं कार्ड ओढणीला पुसून पुन्हा पुन्हा रीडरमध्ये सरकवून पाहत होती. तिला वाटत होतं की चिप खराब झाली. आजोबांनाही तसंच वाटायला लागलं होतं. ते मला म्हणाले, ‘मी खिशात ठेवत नाही हो, जपून ठेवतो.’ त्यांचा त्यात काडीचाही दोष नव्हता.

डिव्हाइस मॅनेजर, म्हणजे विंडोजमधली जोडलेल्या उपकरणांची यादी, उघडला. ‘अदर डिव्हायसेस’खाली पिवळा त्रिकोण, आत कोड 28. म्हणजे या उपकरणाचा ड्रायव्हर बसवलेला नाही. रीडरचं खोकं कपाटात सापडलं. त्यात तळहाताएवढी छोटी सीडी होती, आणि नव्या संगणकांना सीडी ड्राइव्हच नाही. माझ्या बॅगेत बाहेरून जोडायचा ड्राइव्ह असतो, तो लावला. सीडीत फोल्डर होते विंडोज 2000, एक्सपी, व्हिस्टा आणि 7 चे. फायलींवरची तारीख 2009. खोक्यावर छापलेला कंपनीचा पत्ता ब्राउझरमध्ये टाकला तर भलतंच पान उघडलं. तो पत्ता आता दुसऱ्याच कुणाच्या हातात गेला असावा.

मग माझी नजर शेजारच्या टेबलावर गेली. तिथला संगणकही नवा, रीडरही तसाच, पण तिथे कार्ड चालत होतं. पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात, खाली घड्याळाच्या वर, पांढऱ्या अक्षरांत काही ओळी उमटलेल्या. पहिली ओळ ‘टेस्ट मोड’. मी विचारलं, हे कधीपासून आहे? मुलगी म्हणाली, आदल्या आठवड्यात एक जण येऊन ड्रायव्हर टाकून गेला, तेव्हापासून. तिला वाटलं, नव्या विंडोजला असंच येत असेल.

त्या दोन शब्दांचा अर्थ तुम्ही नीट समजून घ्यावा, एवढ्यासाठी हे पत्र लिहिलं तरी चालेल.

ड्रायव्हर म्हणजे साधारणतः तीन फायली. ‘आयएनएफ’ हे साधं मजकुराचं पान, त्यात कोणत्या कंपनीच्या कोणत्या उपकरणासाठी कोणती फाइल वापरायची ते क्रमांकांनी लिहिलेलं असतं. ‘सिस’ ही प्रत्यक्ष काम करणारी फाइल. आणि ‘कॅट’ म्हणजे कॅटलॉग, त्यात या सगळ्या फायलींचे ठसे, म्हणजे फाइल जराही बदलली की बदलणारे आकडे, आणि त्यावर डिजिटल सही. आयएनएफमध्ये कुणी एक क्रमांक जरी बदलला तरी ठसा जुळत नाही आणि सही तुटते. जुना ड्रायव्हर दुसऱ्या रीडरला बसवायचा तर नेमका हाच क्रमांक बदलावा लागतो. नोटपॅडमध्ये दोन मिनिटांचं काम. मग विंडोज नकार देते: सही पडताळता येत नाही. तो नकार टाळायचा तर बायोसमध्ये, म्हणजे संगणकाच्या मूळ मांडणीत, जाऊन सिक्युअर बूट ही संगणक सुरू होतानाची सुरक्षा-तपासणी बंद करायची, मग एक आज्ञा देऊन टेस्ट मोड चालू करायचा. त्यानंतर तो संगणक कुणीही घरी बनवलेल्या सहीचा कुठलाही ड्रायव्हर आत घेतो. फक्त रीडरचा नाही, कुठलाही. आणि ‘सिस’ फाइल चालते ती विंडोजच्या गाभ्यात. तिथे बसलेल्या प्रोग्रामला अँटिव्हायरसही सहज हात लावू शकत नाही.

म्हणजे ज्या काउंटरवर माणसांची ओळखपत्रं वाचली जातात, त्याच संगणकाचं मागचं दार सातशे रुपयांच्या रीडरसाठी उघडं टाकलं होतं. दार उघडून पाव महिना झाला होता आणि कुणालाच त्याचा पत्ता नव्हता.

मी माझ्या बॅगेतला रीडर काढला आणि आजोबांच्या समोरच्या संगणकाला लावला. सीडी नाही, फाइल नाही, इंटरनेटही नाही. खाली दहाएक सेकंद छोटं चिन्ह फिरलं आणि विंडोजने स्वतःच सांगितलं की उपकरण तयार आहे. कार्ड सरकवलं, नाव आलं, फोटो आला. ‘झालं का पोरी?’ आजोबांनी विचारलं. तोवर त्यांना बसून पावणेतीन तास झाले होते.

माझा रीडर महाग नव्हता. तोही सातशेच्या आतबाहेरचाच. फरक एका गोष्टीचा: तो सीसीआयडी या मानकाप्रमाणे बनवलेला होता.

की-बोर्ड किंवा माऊस लावताना तुम्ही कधी ड्रायव्हरची सीडी शोधली आहे का? शोधावी लागत नाही, कारण यूएसबीच्या नियमांत उपकरणांचे वर्ग ठरवलेले आहेत. माऊस लावला की तो संगणकाला सांगतो, मी अमुक वर्गातला, आणि संगणकाकडे त्या वर्गाचा ड्रायव्हर आधीच असतो. स्मार्ट कार्ड रीडरसाठीही असा वर्ग आहे, त्याचा क्रमांक 11. त्या वर्गाची वागणूक कशी असावी हे सीसीआयडीच्या दस्तऐवजात लिहिलेलं आहे, त्याची 1.1 ही आवृत्ती 2005 सालची. निदान विंडोज 7 पासून तरी हा ड्रायव्हर विंडोजमध्येच येतो. लिनक्समध्ये तो मोफत मिळतो. लुडोविक रूसो नावाचे फ्रेंच गृहस्थ वीस वर्षांहून अधिक काळ तो सांभाळत आहेत, आणि कोणते रीडर नीट चालतात, कोणते चालत नाहीत, याची मॉडेलवार यादी त्यांनी सगळ्यांसाठी खुली ठेवली आहे. खरेदीआधी पाच मिनिटं ती यादी चाळली तरी पुढचे किती फोन वाचतील!

एवढी सोय वीस वर्षांपासून असताना आपल्या कपाटांत आजही सीडीवाले रीडर का निघतात, याचं मला खरोखर वाईट वाटतं. उत्तर एकच आहे. कुणी मागितलंच नाही.

आता अमेरिकेत घडलेली एक घटना सांगते, कारण ‘आपल्याकडे असं काही होत नाही’ हे वाक्य मी फार ऐकते. तिथल्या संरक्षण खात्याच्या कर्मचाऱ्यांना आणि कंत्राटदारांना चिपचं ओळखपत्र असतं. घरून काम करायचं तर ते वाचायला रीडर लागतो आणि तो बरेचदा स्वतःच विकत घ्यावा लागतो. असाच एक जण. त्याने ऑनलाइन दुकानातून 15 डॉलरचा रीडर मागवला. दुकानात त्या रीडरला लोकांनी भरभरून चांगले शेरे दिले होते. लावल्यावर विंडोज 10 म्हणाली, ड्रायव्हर नीट चालत नाही, कंपनीच्या संकेतस्थळावर नवा पाहा. तो बिचारा कंपनीच्याच संकेतस्थळावर गेला, कुठल्या चोरट्या जागी नाही. तिथून झिप फाइल उतरवली. त्याला शंका आली म्हणून त्याने ती एकाच वेळी अनेक अँटिव्हायरसकडून तपासणाऱ्या सेवेवर चढवली. 40 हून अधिक तपासण्यांनी तिला घातक ठरवलं. आत ‘रॅमनिट’ होता, 2010 च्या सुमारापासून फिरणारा, फायलींना आणि पेन ड्राइव्हना लागून पसरणारा जुना रोग. कंपनीला कळवलं तर त्यांचं म्हणणं, तुमचा अँटिव्हायरस आमचा ड्रायव्हर ओळखत नाही, दुर्लक्ष करून बसवून टाका. मे 2022 मध्ये सायबर गुन्ह्यांवर लिहिणाऱ्या एका पत्रकाराने हे सगळं उघड केलं.

‘दुर्लक्ष करून बसवून टाका.’ हे वाक्य मी आपल्याकडे मराठीत किती वेळा ऐकलं आहे! अँटिव्हायरस थोडा वेळ बंद करा, ड्रायव्हर टाका, मग चालू करा. पुष्कळ दुकानदार फोनवर हाच सल्ला देतात. विंडोज 11 मध्ये ‘मेमरी इंटिग्रिटी’ नावाची एक सोय आहे, ती जुने घातक ठरू शकणारे ड्रायव्हर आत येऊ देत नाही. तीही अशीच बंद करून ठेवलेली मला अनेक ठिकाणी सापडते. कुणी बंद केली, का केली, कुणालाच ठाऊक नसतं. रीडर चालतोय ना, मग झालं.

आता इथे माझ्या व्यवसायातल्या बांधवांची आणि माझीही बाजू सांगायला हवी, नाहीतर पत्र एकतर्फी होईल. आम्हा सगळ्यांच्या बॅगेत एक पेन ड्राइव्ह असायचा, ‘सगळे ड्रायव्हर’ असं नाव दिलेला. कुठून कुठून गोळा केलेले. एकाने दुसऱ्याला दिलेले, दुसऱ्याने तिसऱ्याला. मीही तो कित्येक वर्षं वापरला. 2013 साली एका पतसंस्थेत दोन संगणकांना संसर्ग झाला, तो माझ्याच पेन ड्राइव्हमधून. पैशांचं नुकसान झालं नाही, पण दोन दिवस संस्थेचं कामकाज बंद राहिलं आणि रिकरिंगचे हप्ते भरायला आलेले लोक परत गेले. मी तिथल्या व्यवस्थापकांना जाऊन खरं सांगितलं. त्यानंतर मी तो पेन ड्राइव्ह फोडून टाकला. तेव्हापासून माझ्याकडे लिनक्सचा एक पेन ड्राइव्ह असतो, त्यावरून संगणक चालू करता येतो आणि आतल्या विंडोजला हात न लावता रीडर तपासता येतो. रीडर आणि कार्ड ठीक असेल तर कार्ड घालताच पडद्यावर 3बी किंवा 3एफने सुरू होणारी आकड्यांची ओळ येते. ती कार्डाची पहिली हाक असते, ‘मी इथे आहे’. ओळ आली की मला कळतं, दोष कार्डात नाही, रीडरातही नाही, विंडोजमधल्या मांडणीत आहे. कार्ड पुसत बसायची गरज उरत नाही.

माझे वडील नाशिक रोडच्या प्रेसमध्ये होते. इंडिया सिक्युरिटी प्रेस 1925 ची, करन्सी नोट प्रेस 1928 ची. आमच्याकडच्या कितीतरी घरांचे संसार या दोन प्रेसच्या भोंग्यावर चालले. वडील घरी कामाबद्दल फार बोलत नसत, पण एक गोष्ट त्यांच्या तोंडून अनेकदा ऐकली: आत कोरा कागदसुद्धा मोजून येतो आणि मोजून बाहेर जातो, आणि जो वाया गेला त्याचाही हिशोब द्यावा लागतो. छापलेल्या नोटेइतकीच काळजी कोऱ्या कागदाची. लहानपणी मला त्याचं नवल वाटायचं, कोऱ्या कागदाला कोण चोरतं? आता कळतं. त्याच प्रेसमध्ये आज चिप असलेल्या ई-पासपोर्टच्या पुस्तिका तयार होतात. चिप बनवताना एवढा हिशोब, आणि चिप वाचणाऱ्या संगणकात फाइल कुठून आली याची नोंद एका ओळीचीही नाही. ही तफावत मला सहन होत नाही. म्हणून लिहिते आहे.

कुणी म्हणेल, आमच्याकडे कार्ड नाही, आमचं तर डीएससीचं डोंगल आहे. डीएससी म्हणजे डिजिटल सहीचं प्रमाणपत्र, आणि ते ज्यात असतं ते डोंगल म्हणजे दुसरं काय? एकाच छोट्या डबीत रीडर आणि चिप दोन्ही. ग्रामपंचायतींत ई-ग्रामस्वराज या सरकारी संकेतस्थळावरून पैसे द्यायचे तर सरपंच आणि ग्रामपंचायत अधिकारी या दोघांच्या डीएससी लागतात. निविदा भरायची तर डीएससी. सिंहस्थ 2027 वर आला आहे, नाशिक आणि त्र्यंबकेश्वरची कामं निघत आहेत, कितीतरी ठेकेदारांच्या टेबलावर दिवसभर डोंगल लावलेलं असतं. हे सगळे संगणक आजच्या घडीला सहीचे संगणक आहेत.

डोंगलची खासगी चावी, म्हणजे जिच्यामुळे सही होते तो गुप्त आकडा, चिपमधून बाहेर येत नाही हे खरं, आणि ती चांगली गोष्ट आहे. पण पिन तुम्ही की-बोर्डवरून टाकता. तो त्या संगणकातून जातो. गाभ्यात बसलेल्या वाईट प्रोग्रामला पिन टिपता येतो, आणि डोंगल लावलेलं असेपर्यंत चिपकडून सही करून घेता येते. चावी चोरायची त्याला गरजच नाही. माहिती तंत्रज्ञान कायदा, 2000 च्या कलम 5 ने या सहीला कागदावरच्या सहीइतकंच वजन दिलं आहे, आणि कलम 42 ने चावीवर ताबा राखण्यासाठी वाजवी काळजी घेण्याची जबाबदारी सहीच्या मालकावर टाकली आहे. टेस्ट मोडमधल्या संगणकाला डोंगल लावणं ही वाजवी काळजी ठरेल का, हे तुमच्या कायदेशीर सल्लागारांना विचारा. मला वाटत नाही ठरेल. पेठ तालुक्यातल्या एका गावच्या सरपंचताईंचा चेहरा मला आठवतो. त्यांचं डोंगल कायम दुसऱ्याच्या संगणकाला लावलेलं आणि पिन त्यालाच चिकटवलेल्या चिठ्ठीवर. त्यांना कुणी समजावूनच सांगितलं नव्हतं की ती त्यांची सही आहे. सांगितल्यावर त्यांनी चिठ्ठी तिथल्या तिथे फाडली आणि डोंगल पर्समध्ये ठेवलं.

डोंगलच्या बाबतीत एक गुंता आहे, तो सोडवून ठेवते, कारण त्यावरून फार भांडणं होतात. रीडरचा ड्रायव्हर वेगळा आणि कार्डाचं किंवा टोकनचं, म्हणजे डोंगलचं, सॉफ्टवेअर वेगळं. पहिला फक्त तारेतून बोलणं घडवून आणतो. मधे विंडोजची ‘स्मार्ट कार्ड’ नावाची सेवा असते. आणि त्यावर टोकन कंपनीचं सॉफ्टवेअर, ज्याच्यामुळे ब्राउझरला किंवा सहीच्या प्रोग्रामला तुमचं प्रमाणपत्र दिसतं. सीसीआयडी असेल तर पहिल्या पायरीला फाइल लागत नाही, तिसरीला बरेचदा लागतेच. दिवा लागला, डिव्हाइस मॅनेजरमध्ये सगळं ठीक, तरी सही होत नाही, असं असेल तर रीडरचा ड्रायव्हर पुन्हा पुन्हा टाकून काही होणार नाही. टोकनचं सॉफ्टवेअर पाहा, आणि ते टोकन कंपनीच्या किंवा प्रमाणपत्र देणाऱ्या संस्थेच्या अधिकृत पानावरूनच घ्या. शोधयंत्रात पहिली दिसणारी लिंक अधिकृत असेलच असं नाही. ‘एका क्लिकमध्ये सर्व ड्रायव्हर अद्ययावत’ म्हणणाऱ्या प्रोग्रामना कार्यालयाच्या संगणकावर अजिबात जागा देऊ नका.

आता माझी विनंती. पुढच्या वेळी रीडरची मागणी लिहाल तेव्हा ‘कार्ड रीडर, यूएसबी’ याच्या पुढे एवढं जोडा:

‘यूएसबी सीसीआयडी मानकाशी सुसंगत. विंडोज 11 मध्ये अंतर्भूत ड्रायव्हरवर, सिक्युअर बूट व मेमरी इंटिग्रिटी चालू ठेवून, कोणतीही अतिरिक्त फाइल न बसवता चालणे आवश्यक. पुरवठ्याच्या वेळी प्रात्यक्षिक द्यावे.’

शेवटचं वाक्य गाळू नका. खोक्यावर सीसीआयडी छापणं सोपं असतं. पुरवठादाराला तुमच्यासमोर रीडर लावून कार्ड वाचून दाखवायला सांगा. सीडी त्याच्या हातात दिसली तर माल परत करा. काहींना भीती वाटते की अट वाढवली की दर वाढतो किंवा कुणी भरतच नाही. माझा अनुभव उलटा आहे. बाजारात सीसीआयडीचे रीडर भरपूर आहेत आणि त्याच दरात आहेत. अट नसते म्हणून पुरवठादार गोदामातला पडून राहिलेला माल आधी काढतो. त्यात त्याचं तरी काय चुकतं, तुम्ही मागितलं तेच त्याने दिलं.

जे रीडर आज वापरात आहेत ते सगळे फेकून द्या, असं मी म्हणत नाही. आधी पडद्याच्या कोपऱ्यात पाहा. ‘टेस्ट मोड’ दिसला तर त्या संगणकावर डीएससी लावणं आजपासून थांबवा, मग तो दुरुस्त करून घ्या. जुन्या रीडरला कंपनीचा, सही शाबूत असलेला ड्रायव्हर चालत असेल तर तो सांभाळून ठेवा, कारण कंपन्या जुनी पानं काढून टाकतात आणि मग सोन्याच्या भावातही तीच फाइल सापडत नाही. जुना संगणक भंगारात काढण्याआधी त्यातले बाहेरून बसवलेले ड्रायव्हर एका फोल्डरमध्ये उतरवून घेता येतात, विंडोजमध्ये त्यासाठी पीएनपीयुटिल नावाची आज्ञा आहे. सर्टयुटिल या दुसऱ्या आज्ञेने फाइलचा एसएचए-256 ठसा काढता येतो. फाइल, आवृत्ती, कुठून घेतली, कोणत्या तारखेला आणि तिचा ठसा, एवढी एक ओळ जडवस्तू नोंदवहीत रीडरच्या नोंदीपुढेच लिहा. पुढच्या वर्षी कुणी तीच फाइल पेन ड्राइव्हवर घेऊन आला तर ठसा जुळवून पाहता येईल. मात्र 32 बिटचा ड्रायव्हर 64 बिट विंडोजवर चालतच नाही, आणि विंडोज 11 फक्त 64 बिटची आहे. तसा रीडर असेल तर त्याच्यामागे वेळ घालवू नका, बदला.

आणखी एक मागणं देखभालीच्या करारात घाला, मग करार माझा असो की दुसऱ्या कुणाचा: सिक्युअर बूट, सहीची तपासणी किंवा अँटिव्हायरस लेखी परवानगीशिवाय कुणी बंद करायचा नाही. आमच्यावर काउंटरवरच्या रांगेचा दबाव असतो. मागे लोक उभे असतात, साहेब विचारत असतात, किती वेळ लागेल? अशा वेळी सोपा मार्ग समोर दिसतो आणि हात तिकडे जातो. करारात वाक्य असेल तर ‘नाही’ म्हणायला आम्हाला आधार मिळेल.

त्या रुग्णालयाने टेस्ट मोडमधला संगणक दुसऱ्याच दिवशी माझ्याकडून पूर्ण पुसून नव्याने मांडून घेतला आणि चारही रीडर बदलले. माझा बॅगेतला रीडर अजून तिथेच आहे, मी परत मागितलेला नाही. तुमच्या कार्यालयात कोणता रीडर आहे हे कळत नसेल तर मला कळवा. शहरात असाल तर शनिवारी दुपारनंतर येऊन लिनक्सच्या पेन ड्राइव्हवर तपासून देईन, त्याचे पैसे घेणार नाही. पेठ, सुरगाणा, त्र्यंबकेश्वरकडच्या ग्रामपंचायतींनी तालुक्याच्या ठिकाणी एका दिवशी डोंगल आणि रीडर घेऊन जमायचं ठरवलं तर मी तिथे येईन.

मार्चअखेरच्या खरेद्यांची पत्रं फेब्रुवारीत निघतात. त्याआधी हे तुमच्या हातात पडावं म्हणून आज पाठवत आहे.

आपली नम्र,
नाशिक रोडची एक संगणक देखभाल करणारी